मार्करने जिंकायचं नसतं

माझे बाबा टेनिसचे चॅम्पियन होते. हे वाक्य मी उच्चारलं की समोरचा माणूस हसतो. गावातला असेल तर हसतो, कारण त्याच्या लेखी बाबा मुंबईला जिमखान्यात साहेब लोकांचे चेंडू उचलायला जायचे. मुंबईचा असेल तर हसतो, कारण शहापूर तालुक्यातली भातखाचरं आणि टेनिस ही जोडीच त्याला गमतीची वाटते. दोघांनाही मी शांतपणे समजावून सांगायचं ठरवते आणि दरवेळी माझा आवाज चढतो. आई म्हणते, "बापाचं नाव निघालं की तुझ्या अंगात येतंय." येतं. येऊ दे.

तर बाबा मार्कर होते. मेंबर खेळायला आला आणि त्याचा जोडीदार आलेला नसला, की त्याच्याशी खेळायला जो पगारी माणूस ठेवलेला असतो, तो मार्कर. उजाडताना कोर्टावर पाणी मारायचं, रूळ फिरवायचा, चुन्याच्या रेघा मारायच्या आणि मग मेंबर येतील तसं त्यांच्याशी खेळायचं. म्हाताऱ्या मेंबराला जागेवरून हलावं लागणार नाही असे चेंडू द्यायचे, पोरांना शिकवायचं, आणि एखादा खरंच खेळणारा असला तर त्याचा घाम काढायचा. रोज पाच-सहा तास, वर्षानुवर्षं. एवढं खेळल्यावर माणसाचं काय होतं हे सांगायला कोणी तज्ज्ञ लागत नाही. जिमखान्यातल्या एकाही मेंबराच्या हाताला बाबांच्या हाताची सर नव्हती.

पण मेंबरांच्या स्पर्धेत त्यांना उतरता येत नसे. का, तर ते पैसे घेऊन खेळतात, ते प्रोफेशनल. टीव्हीवर ज्यांचे सामने दिसतात तेही पैसे घेऊनच खेळतात की! त्यांना प्रोफेशनल म्हणताना लोकांचा ऊर भरून येतो. बाबांच्या वाट्याला मात्र त्या शब्दाची मानाची बाजू कधी आलीच नाही. मार्करांसाठी वर्षातून एकदा वेगळी स्पर्धा भरायची, मुंबईतल्या जिमखान्यांचे मार्कर तीत उतरायचे, आणि ती बाबांनी चार वेळा जिंकली. आधी लागोपाठ तीनदा, मग एक वर्ष सोडून चौथ्यांदा. मधलं वर्ष गेलं ते कापणीत डाव्या हाताला विळा लागला म्हणून. सर्व्हिस करताना चेंडू वर टाकायचा हात तो. चिंध्या बांधलेल्या हातातून चेंडू नीट सुटेना, म्हणून त्यांनी नाव मागे घेतलं. टेनिसच्या इतिहासात भातकापणीमुळे विजेतेपद हुकलेला दुसरा कोणी असेल तर मला कळवा.

चार कपांपैकी सगळ्यात मोठा आईने तांदूळ मोजायला घेतला होता. दोन कान होते ना त्याला, धरायला बरं पडायचं. पाहुणे आले की विचारायचे, "हे कसलं गो माप?" आई म्हणायची, "ह्यांच्या कामावर भेटलं." यापलीकडे बाबांच्या चॅम्पियनपणाची घरात चर्चा नव्हती.

आमचं गाव शहापूर तालुक्यात, पण मुरबाडच्या हद्दीला टेकलेलं. ओढा ओलांडला की मुरबाड तालुका. बाबा पहाटे जीप धरून आसनगाव गाठायचे आणि तिथून गाडी. पावसाळ्यात जिमखान्याची मातीची कोर्टं बंद असायची, तेवढे महिने बाबा घरी, म्हणजे चिखलात. नांगर, आवण म्हणजे भाताची लावणी, मग बेणणी, तण उपटणं. पाऊस ओसरला की पुन्हा पांढरी हाफपँट. त्यांच्या पायांना वर्षभर मातीच होती, फक्त रंग बदलायचा.

मी टेनिस शिकले ते खळ्यात. झोडणीसाठी आमच्याकडे शेतातच खळं करतात. जागा खणून, पाणी मारून, चोपण्याने ठोकून ठोकून इतकी सपाट करतात की सांडलेला दाणा लांबून दिसावा. वरून शेणाचं सारवण. भात घरात आलं की ते खळं रिकामं पडतं. सोमवारी जिमखान्याला सुट्टी, म्हणजे बाबांना सुट्टी. मी आठ-नऊ वर्षांची असताना एका सोमवारी त्यांनी खळ्याच्या मध्ये दोन खुंट्या ठोकल्या, सुंभ बांधला, त्यावर गोणपाटं टाकली आणि मेंबरांनी टाकून दिलेली एक रॅकेट माझ्या हातात दिली. तिच्या मुठीला सायकलची ट्यूब गुंडाळलेली होती.

आमच्याकडे खळ्यात कोणी चप्पल घालून जात नाही. दाणा पडतो ती जागा, तिथे पायताण चालत नाही. त्यामुळे आम्ही दोघंही अनवाणी खेळायचो, आणि यात काही विशेष आहे असं आमच्या डोक्यातही आलं नाही. थोरल्या काकांना मात्र खळ्यात खेळणंच मान्य नव्हतं. बांधावर उभं राहून ते ओरडले, "जितं लक्ष्मी येते तितं पोरीला नाचवतंस?"

बाबा म्हणाले, "आली ना लक्ष्मी घरात? आता पोरगी खेळू दे."

खळं खऱ्या कोर्टाच्या निम्मंही नव्हतं. जोरात मारलेला चेंडू सरळ ढेकळांत जायचा आणि तो शोधायला मलाच जावं लागायचं. त्यामुळे जोर लावायची सवयच लागली नाही. चेंडू आखूड, तिरका, सुंभाच्या अगदी जवळ कसा टाकायचा, ते मी शिकले. सारवलेल्या जमिनीवर चेंडू उसळत नाही, घोट्याएवढा येतो, म्हणून गुडघे वाकवून बसकण मारायला शिकले. बाबा मला एकही पॉइंट सोडत नसत. मी रडायचे, रॅकेट आपटायचे, आईकडे तक्रार करायचे. आई म्हणायची, "लेकरू हाय, एकदा जिकू द्या की." बाबा ऐकायचे नाहीत. मेंबरांच्या नातवंडांना ते हसत हसत पॉइंट द्यायचे हे मला ठाऊक होतं. माझ्याच वाट्याला हा कडकपणा का, ते मला तेव्हा कळत नसे आणि फार राग यायचा.

नव्वदच्या दशकात मुरबाडच्या बाजूला फार्महाऊसचं पेव फुटलं. मुंबईची माणसं गाड्या घेऊन यायची, माळ बघायची, कुंपण घालायची. ओढ्यापलीकडचा माळ ज्यांनी घेतला ते बाबांच्या जिमखान्याचे मेंबर निघाले. बाबा त्यांना साहेब म्हणायचे, तेव्हा मीही साहेबच म्हणते. मेंबरांच्या स्पर्धेचे ते बरीच वर्षं विजेते होते. माणूस वाईट नव्हता. दिवाळीला मिठाई पाठवायचे. आईच्या ऑपरेशनच्या वेळी ओळखीचा डॉक्टर त्यांनीच गाठून दिला. असल्या माणसावर धड रागावताही येत नाही, ही मोठी पंचाईत.

साहेबांना फार्महाऊसवर टेनिस कोर्ट हवं होतं आणि ते बाबांनी करून द्यायचं होतं. बाबांनी गावातल्या बायका-माणसांना कामाला लावलं. मुरूम, विटांचा चुरा, पाणी, रूळ. बायकांनी ते काम खळ्यासारखंच मन लावून केलं आणि शेवटी सारवायला शेणाच्या पाट्या घेऊन हजर झाल्या. साहेब घाईघाईने म्हणाले, "नको नको, हे टेनिसचं आहे." बायकांना ते पटलं नाही. एवढी चोपलेली जमीन न सारवता उघडी ठेवायची म्हणजे काय? साहेबांची पाठ वळल्यावर त्यांनी एका कोपऱ्यात हातभर जागा सारवली आणि हळदकुंकू वाहिलं. तेवढ्यावर भागवलं.

त्या कोर्टामुळे माझं नशीब उघडणार होतं. साहेबांनी मला खेळताना पाहिलं होतं. ते बाबांना म्हणाले, "मी फक्त रविवारी येणार. बाकीचे दिवस मुलीला खेळू दे इथे. आणि जिमखान्यात मुलींचं कोचिंग सुरू होतंय, तिचा फॉर्म भर, सही मी करतो." मी चौदा वर्षांची होते. खरं कोर्ट, खरी जाळी, खरी स्पर्धा. त्या आठवड्यात मी शाळेत काय शिकले ते देव जाणे.

जाळी बांधायला मुंबईहून बाबांचा एक जोडीदार आला होता, तोही मार्करच. दुपारी भाकरी खाताना तो मला कौतुकाने सांगायला लागला की वार्षिक दिनाला जिमखान्यात एक मानाचा सामना होतो. मेंबरांचा विजेता विरुद्ध मार्करांचा विजेता. पहिला सेट मार्करने घ्यायचा, पुढचे दोन थोडक्यात हरायचे, मग हार, फोटो, चहापान. "तुझ्या बापासारखं हरायला कोणाला जमत नाय," तो हसत म्हणाला. "आमी हरलो की कळतं. हा हरला की साहेबाला पन वाटतं, आपन खरंच जिकलो."

मी मनातल्या मनात मोजलं. चार वर्षं चॅम्पियन, म्हणजे चार वेळा हा तमाशा. आणि समोर दरवेळी हेच साहेब.

संध्याकाळी घरी परतताना ओढ्यात उतरल्यावर मी विचारलं, "तुमी मुद्दाम हरता?"

बाबा चालत राहिले. पलीकडच्या काठावर चढल्यावर म्हणाले, "मार्करने जिकायचं नसतं. त्याचाच पगार हाय."

"मग चॅम्पियन कशाला म्हनवता?"

ते वळले. माझ्याकडे पाहून म्हणाले, "मी कधी म्हनवलं? तूच सांगत फिरतेस."

हे खरं होतं, म्हणून जास्त झोंबलं. शाळेत, एसटीत, शहापूरच्या बाजारात मीच सांगत फिरत होते, आणि त्या माणसाने आजवर एकदाही स्वतःच्या तोंडाने ते म्हटलं नव्हतं. त्या रात्री मी जेवले नाही. मला लाज वाटत होती, आणि ती बापाची वाटत होती, याची आज लाज वाटते.

कोर्टाचं उद्‌घाटन थंडीतल्या एका रविवारी ठेवलं. साहेबांचे पाहुणे गाड्यांतून आले. गावही आलं, कारण कोर्ट गावाने केलं होतं आणि जेवण होतं. कोणी न सांगता गावच्या माणसांनी चपला कुंपणापाशीच काढल्या. तिथे चपलांची ही रास पडली आणि पाहुण्यांची मुलं बुटांनी तिच्यावरून उड्या मारत आत गेली. नारळ फुटला. मग साहेब मोठ्याने म्हणाले, "आज आमचे चॅम्पियन आणि मी, एक सेट. गावालाही कळू दे टेनिस म्हणजे काय."

पाहुण्यांनी टाळ्या वाजवल्या. गावची माणसं एकमेकांकडे बघायला लागली. चॅम्पियन कोण, तर आपला हा? थोरले काका सगळ्यांच्या पुढे येऊन हाताची घडी घालून उभे राहिले.

बाबा झाडाखाली बसून बुटांच्या नाड्या बांधत होते. मी त्यांच्यापाशी गेले. जे बोलायचं ते मी सकाळपासून घोकून ठेवलं होतं. "आज मुद्दाम हरलात तर मी परत रॅकेट हातात धरनार नाय."

बाबांनी मान वर केली नाही. "कोर्ट जाईल गो."

"जाऊ द्या."

"माझं नाय, तुझं जाईल. तो फॉर्म पन जाईल."

"जाऊ द्या म्हटलं ना!"

मला काय कळत होतं तेव्हा? आज मागे वळून मी त्या पोरीला शहाणपण शिकवू शकते. कोर्ट घे, फॉर्म घे, बापाचा एक पराभव गिळ आणि पुढे जा, असं तिला सांगू शकते. नाही सांगणार. तिचं बरोबर होतं. सगळ्या गावासमोर, ज्यांनी त्याला आयुष्यभर चेंडू उचलणारा म्हटलं त्यांच्यासमोर, माझ्या बापाने साहेबाला जिंकू द्यायचं आणि वर त्याचा नफा मी खायचा, हे मला नको होतं. आजही नको आहे.

 बाबांनी बांधलेल्या नाड्या सोडल्या, जिमखान्याचे बूट पायांतून काढून झाडाच्या बुंध्याशी ठेवले आणि अनवाणी कोर्टात गेले. जाताना वाकून जमिनीला हात लावला आणि कपाळाला लावला. पाहुणे हसले. गाव हसलं नाही.

सामना सांगण्यासारखा नाही, कारण तो सामना झालाच नाही. साहेबांचा फोरहँड जोरदार होता, पाहुण्यांना तो आवाज आवडायचा. पण जोर लावायला चेंडू कमरेएवढा यावा लागतो. बाबांनी त्यांना तो येऊच दिला नाही. सगळे चेंडू खाली, आखूड, तिरके. सोमवारी खळ्यात मला जे झोडपून काढायचे, तेच. साहेब जाळीपाशी धावत यायचे, कसाबसा चेंडू उचलायचे, आणि पुढचा त्यांच्या डोक्यावरून मागच्या रेघेवर पडायचा. दुसऱ्या गेमपर्यंत साहेब हसत होते. तिसऱ्या गेमला हसणं थांबलं. चौथ्या गेमला त्यांनी बाबांकडे एकदा रोखून बघितलं. 'मी कोण ते विसरलास की काय' असं त्या नजरेत होतं, मी ते स्वच्छ वाचलं. बाबांनी सर्व्हिस केली.

गावाला गुण कसे मोजतात ते कळत नव्हतं. चेंडू कुणाच्या बाजूला पडला तर टाळी वाजवायची, यातच त्यांचा गोंधळ. काका माझ्या कानाशी येऊन विचारायचे, "कोन जिकतंय?" मी म्हणायचे, "आपन." मग ते मागे वळून सगळ्यांना सांगायचे, "आपन." शेवटी शेवटी बायकासुद्धा ओरडायला लागल्या, भाताच्या झोडणीला ओरडतात तशा.

साहेबांनी एकच गेम घेतला आणि तो खरा घेतला, हे मी मान्य करते. सहा-एक. बाबा जाळीपाशी गेले, हात पुढे केला. साहेबांनी तो हातात घेतला, खांद्यावर थाप मारली आणि म्हणाले, "आज फारच फॉर्मात होतास." आवाज अगदी गोड होता. मी सगळं समजले.

पुढच्या मंगळवारी रॅकेट घेऊन गेले तर फाटकाला कुलूप. राखणदार आमच्याच गावाबाहेरच्या वाडीतला होता, बाबांनीच त्याला तिथे लावलेलं. तो खाली मान घालून म्हणाला, "ताय, साहेब बोललं, माती बसू दे थोडे दिस." माती किती दिवस बसायची, हे त्यालाही कोणी सांगितलं नव्हतं. ती माझ्या दहावीपर्यंत बसत होती. फॉर्मवरची सही राहूनच गेली. जिमखान्यात कोणी बाबांना वाकडं बोललं नाही, पगार कापला नाही. फक्त कोर्टावरून त्यांना टॉवेल द्यायच्या खिडकीत बसवलं आणि मार्करांच्या स्पर्धेला जिमखान्याकडून दुसऱ्याचं नाव गेलं. वयाचं कारण दिलं. बेचाळीस वय! त्या वयात आमच्याकडे माणूस दिवसभर नांगर धरतो.

गावाचा अभिमान जेमतेम आठवडाभर टिकला. मग हळूहळू सूर बदलला. हट्टापायी पोरीचं नुकसान केलं, मोठ्या माणसाशी वैर कशाला, एक सेट सोडला असता तर काय बिघडलं असतं. बाबा कुणाला उत्तर देत नसत. हट्ट माझा होता, हे त्यांनी एकदाही कुणाला सांगितलं नाही. आईलासुद्धा नाही. आई कितीतरी दिवस त्यांच्याशी तुटक बोलत होती आणि मी भित्रट, गप्प बसून ते ऐकत होते. शेवटी मीच आईला सांगितलं तेव्हा तिने माझ्या पाठीत एक धपाटा घातला आणि त्या रात्री बाबांच्या ताटात तूप जास्त वाढलं. काकांनी मात्र पाठ फिरवली नाही. शहापूरच्या बाजारात भेटेल त्याला सांगायचे, "आमच्या भावानं साहेबाला खळ्यात घालून झोडला!"

दहावीच्या वर्षी शाळेतून माझं नाव आंतरशालेय स्पर्धेत गेलं, कल्याणला. टेनिसला आमच्या शाळेतून मी एकटीच. कोर्टाशी पोचले, चपला काढल्या, वाकून जमिनीला हात लावला आणि आत पाऊल टाकलं. पंच धावत आले. "बूट कुठे आहेत?" मी म्हटलं, "कोर्टात बूट कसे घालायचे?" सगळे हसले. बूट घातल्याशिवाय खेळता येणार नव्हतं. सरांनी कुणाचे तरी मागून आणले, एक माप मोठे, पुढे कागद कोंबून घातले. पहिली फेरी जिंकले, कारण ती पोरगी माझ्याहून कच्ची होती. दुसऱ्या फेरीत गुडघा वाकवून खाली बसायला गेले की पाय बुटाच्या आत घसरायचा आणि मी चेंडूच्या मागे राहायचे. हरले. बाहेर बाबा कपाळाला हात लावून बसले होते. स्वतः रोज बूट घालून खेळणाऱ्या त्या माणसाने सात वर्षांत मला एकदाही बूट घालून खेळवलं नव्हतं. खळ्यात पायताण चालत नाही, एवढंच. आमच्या दोघांच्याही डोक्यात कधी आलं नाही. बसमध्ये आम्ही एकमेकांकडे बघितलं आणि इतके हसलो की कंडक्टरने वळून पाहिलं. डोळ्यांत पाणी होतं ते हसण्याचंच, असं मी आईला सांगितलं.

मी चॅम्पियन झाले नाही. याचं खापर कुणाच्या माथी फोडावं याबद्दल लोकांकडे बरीच मतं आहेत, माझ्याकडे एकच आहे, ते वर सांगितलं: त्या पोरीचं बरोबर होतं. शिकले, बी.पी.एड. केलं आणि दोन हजार सालानंतर शहापूरजवळच्या एका शाळेत क्रीडाशिक्षिका म्हणून लागले. शाळेमागच्या मैदानावर चुन्याने कोर्ट आखलं. सहकारी म्हणाले, कबड्डी-खोखो सोडून हे कसलं खूळ? आपल्या मुलींना याचा काय उपयोग? मी म्हटलं, गणितात पायथागोरस शिकवता, त्याचा भाताला काय उपयोग ते आधी सांगा. माझ्या मुलींपैकी काही दिवाळीनंतर आईबापांबरोबर वीटभट्टीवर जातात आणि पावसाच्या तोंडावर परत येतात. मधल्या महिन्यांत विसरलेलं पुन्हा शिकतात. शिकू देत. मी आहे इथे. आठवड्यातले तीन दिवस बूट घालून खेळवते, तीन दिवस अनवाणी.

मधल्या काळात साहेबांनी फार्महाऊस विकलं. नव्या मालकाला टेनिसमध्ये रस नव्हता. आमच्या बायकांनी चोपलेल्या त्या कोर्टावर टाकळा माजला, हे ऐकून मला बरं वाटलं. खोटं कशाला बोलू?

बाबा निवृत्त झाल्यावर रविवारी शाळेत यायला लागले. गुडघा दुखायचा, लंगडायचे, तरी मुलींना तासतासभर चेंडू द्यायचे. मुली गेल्या की आम्ही दोघं एक सेट खेळायचो. सत्तावीस-अठ्ठावीस वर्षांची झाले तरी मी त्यांच्याविरुद्ध एकही सेट जिंकले नव्हते. चार-सहा, पाच-सात, कधी जवळ, कधी लांब, पण हरत आले होते. आणि मग एका रविवारी जिंकले. सहा-चार. शेवटचा चेंडू मी आखूड टाकला. ते धावले, हात लांबवला आणि चेंडू त्यांच्या रॅकेटीच्या वितभर पलीकडे दुसरा टप्पा घेऊन गेला.

चार मुली कट्ट्यावर रेंगाळल्या होत्या, त्यांनी आरडाओरडा केला. मला आनंद व्हायला हवा होता.  पण मला एकदम जाळी बांधायला आलेल्या त्या जोडीदाराचं बोलणं आठवलं. हा माणूस हरला की समोरच्याला वाटतं, आपण खरंच जिंकलो. साहेबांना कळलं नव्हतं, चार वर्षं कळलं नव्हतं. मग मला कसं कळणार? म्हातारा झालाय, लेकीला एकदा खूश करून टाकू, असं त्यांनी ठरवलं असेल तर? त्यांच्याइतक्या सफाईने हरणारा माणूस अख्ख्या मुंबईत नव्हता.

मी जाळीपाशी गेले. बाबा दोन्ही हात गुडघ्यांवर टेकून धापा टाकत होते. मी हळूच विचारलं, "बाबा, खरं सांगा. मुद्दाम सोडलात ना?"

त्यांनी मान वर केली. चेहरा लालबुंद, घाम नाकावरून ओघळत होता, आणि मी त्यांना इतकं चिडलेलं आयुष्यात कधी पाहिलं नव्हतं. "मी? तुझ्याशी?" ते म्हणाले. "तू काय मेंबर हायस?"

मग त्यांनी चेंडू उचलला आणि दुसऱ्या सेटसाठी लंगडत पलीकडच्या रेघेकडे गेले.